७५ मैलांचा अंधार

२३ डिसेंबर १९७२, शनिवार. पिट्सबर्गच्या थ्री रिव्हर्स स्टेडियममध्ये ५०,३२७ माणसं बसली होती. घरचे स्टीलर्स आणि पाहुणे ओकलंड रेडर्स यांच्यात अमेरिकन फुटबॉलचा बाद फेरीचा सामना चालू होता. घरचा संघ ६-७ असा मागे, घड्याळात २२ सेकंद आणि बहुधा शेवटची एकच संधी. स्टीलर्सच्या टेरी ब्रॅडशॉने चेंडू लांब फेकला. दोन खेळाडूंच्या टकरीत तो आपटला, उलटा उडाला आणि जमिनीला टेकणार एवढ्यात त्याच्याच संघातल्या फ्रँको हॅरिसने तो बुटांजवळून उचलला आणि तसाच शेवटच्या रेषेपार पळवत नेला. १३-७. या खेळातली सर्वांत गाजलेली खेळी कोणती असं विचारलं, तर आजही बहुतेक जाणकार याच खेळीचं नाव घेतात.

देशभरच्या लोकांनी ती दूरचित्रवाणीवर पाहिली. पिट्सबर्गमध्ये मात्र मैदानाबाहेरच्या कोणालाही ती दिसली नाही. ज्यांच्या संघाने चमत्कार केला होता, ती माणसं रेडिओला कान लावून बसली होती.

दिव्याखाली अंधार असतो हे आपण म्हणतोच. इथे तो नियम करून पाडलेला होता आणि किती दूरपर्यंत पाडायचा हेही ठरलेलं होतं: ७५ मैल, म्हणजे सुमारे १२० किलोमीटर. वानखेडे स्टेडियमवर कंपासचं टोक ठेवून तेवढं वर्तुळ काढलं तर पुणं जेमतेम काठावर येईल. घरच्या मैदानावर सामना असला की त्या वर्तुळातल्या वाहिन्यांनी तो दाखवायचा नाही. याला अमेरिकेत ‘ब्लॅकआउट’ म्हणतात. हा शब्द तिथल्या चाहत्यांनी तीन पिढ्या शिवीसारखा वापरला आहे.

या अंधाराची सुरुवात दूरचित्रवाणीच्याही आधीची. १९२०च्या दशकात रेडिओ घरोघर पोचू लागला, तेव्हा बेसबॉलच्या संघमालकांत दोन तट पडले. शिकागो कब्जचे मालक विल्यम रिग्ली यांनी रेडिओ केंद्रांना दारं सताड उघडून दिली. सामना कानावर पडला की माणसाला मैदानावर यावंसं वाटेल, असा त्यांचा हिशोब होता, आणि शिकागोत तो चुकला नाही. न्यूयॉर्कचे तिन्ही संघ, म्हणजे यांकीज, जायंट्स आणि डॉजर्स, नेमके उलट वागले. घरबसल्या फुकट ऐकायला मिळालं तर तिकीट कोण काढणार, या भीतीने त्यांनी १९३४ पासून पाच वर्षं रेडिओलाच बंदी घातली. १९३९ मध्ये डॉजर्सचे लॅरी मॅकफेल यांनी ती मोडली आणि रेड बार्बर नावाचा समालोचक ब्रुकलिनमध्ये आणून बसवला. त्याच वर्षी २६ ऑगस्टला याच बार्बरच्या आवाजात बेसबॉलच्या सर्वोच्च लीगचा पहिला सामना दूरचित्रवाणीवर दिसला. तेव्हा अख्ख्या शहरात संच इतके थोडे होते की कोणाच्या पोटात गोळा येण्याचं कारण नव्हतं.

तो गोळा आला १९५० साली, लॉस एंजेलिसमध्ये. फुटबॉलच्या रॅम्स संघाने दूरचित्रवाणी संच बनवणाऱ्या एका कंपनीशी करार केला आणि घरचे सगळे सामने शहरात दाखवले. तिकिटांचा गल्ला घटला तर कंपनीने तो भरून द्यायचा, अशी अट होती. आदल्या वर्षी रॅम्सच्या घरच्या सामन्यांना २ लाख ५ हजार प्रेक्षक आले होते. १९५० मध्ये ते १ लाख १० हजारांवर आले. संघ वाईट खेळत होता म्हणावं, तर तो त्या वर्षी थेट अंतिम सामन्यापर्यंत पोचला होता. कंपनीला मोठी रक्कम मोजावी लागली. पुढच्या वर्षी रॅम्सने घरचे सामने शहरात दाखवणं बंद केलं, आणि प्रेक्षक पुन्हा दोन लाखांच्या वर गेले.

एका शहराच्या एका हंगामातला हा अनुभव. पण मालकमंडळींना याहून मोठा पुरावा नकोच होता, आणि त्यांच्या जागी असतो तर आपणही वेगळं वागलो नसतो. त्या काळात संघाचं पोट तिकीटखिडकीवर भरत असे. फुटबॉल लीगचे आयुक्त बर्ट बेल यांचं म्हणणं साधं होतं: एका हाताने लोकांना तिकीट विकायचं आणि दुसऱ्या हाताने तोच खेळ फुकट वाटायचा, हा धंदा चालणार नाही. त्यांनी घरच्या प्रदेशातली बंदी साऱ्या लीगसाठी पक्की केली.

सरकारला यात मक्तेदारीचा वास आला आणि न्याय खातं कोर्टात गेलं. नोव्हेंबर १९५३ मध्ये फिलाडेल्फियाचे न्यायाधीश अ‍ॅलन ग्रिम यांनी दोन्ही पक्षांना थोडं थोडं दिलं. संघ घरी खेळत असताना त्या भागात सामने न दाखवणं रास्त आहे, कारण तिकीटखिडकी बुडाली तर दुबळे संघ बुडतील आणि लीगही उरणार नाही. पण संघ परगावी खेळत असताना घातलेली बंदी बेकायदा. पुढची वीस वर्षं हीच वाटणी चालली: परगावचा सामना घरात, घरचा सामना अंधारात.

याचा खरा चटका १९५८ मध्ये बसला. २८ डिसेंबरला यांकी स्टेडियमवर फुटबॉलच्या न्यूयॉर्क जायंट्स आणि बाल्टिमोर कोल्ट्स या संघांचा अंतिम सामना झाला. बरोबरी, मग जादा वेळ, मग बाल्टिमोरचा विजय. देशभरात सुमारे साडेचार कोटी लोकांनी तो पाहिला, आणि फुटबॉलने अमेरिकेच्या दिवाणखान्यात कायमचा मुक्काम ठोकला तो त्या संध्याकाळी, असं इतिहासकार सांगतात. न्यूयॉर्क मात्र त्या साडेचार कोटींत नव्हतं. दुर्दैव असं की त्या महिन्यात शहरातल्या वर्तमानपत्रांचाही संप चालू होता. बघायला नाही आणि वाचायलाही नाही.

माणूस अशा वेळी वाट काढतोच. न्यूयॉर्कच्या चाहत्यांनी गाड्या काढल्या आणि ते शेजारच्या कनेक्टिकट राज्यात, वर्तुळाच्या काठापलीकडे गेले. तिथल्या मोटेलांत रविवारच्या दुपारसाठी खोल्या घ्यायच्या, चार-सहा मित्रांनी एका संचासमोर बसायचं आणि रात्री घरी परतायचं. हा खर्च परवडत नसेल त्याने छपरावर उंच अँटेना चढवायचा, तो दूरच्या शहराकडे वळवायचा आणि मुंग्या-मुंग्यांच्या चित्रात चेंडू शोधायचा. मैदानापासून दोन मैलांवर राहणारा माणूस आपल्याच संघाचा खेळ पाहायला शंभर मैल जात होता. १९६२ च्या अंतिम सामन्याआधी काही जण कोर्टातही गेले. कोर्टाने हात वर केले.

तोवर कायदाही लीगच्या बाजूने झाला होता. नवे आयुक्त पीट रोझेल यांनी सगळ्या संघांचे हक्क एकत्र करून सीबीएस वाहिनीला वर्षाला ४६ लाख ५० हजार डॉलरना विकले. ग्रिम यांनी तो करार रद्द ठरवला, तेव्हा रोझेल यांनी वॉशिंग्टन गाठलं. ३० सप्टेंबर १९६१ रोजी राष्ट्राध्यक्ष केनेडींनी नव्या कायद्यावर सही केली. हक्क एकत्र विकायला मोकळीक मिळाली आणि घरच्या प्रदेशातला अंधार कायद्याने मान्य झाला. त्या कायद्यात एक हुशारीचं कलमही आहे: शुक्रवारी संध्याकाळी आणि शनिवारी शाळा-कॉलेजांचे सामने असतात, त्यांच्या आसपास व्यावसायिक सामना दाखवू नये. लहानांच्या तिकीटखिडकीचीही काळजी घेतलेली.

या कायद्याची बातमी त्या वेळी फार गाजली नाही. पण माझ्या मते कथेचा सांधा इथेच आहे. एका दमात दोन गोष्टी झाल्या. तिकिटाचं रक्षण कायम राहिलं, आणि तिकिटाला मागे टाकेल अशा पैशाचा नळ सुरू झाला. पुढच्या काळात नळाची धार वाढत गेली, तरी रक्षणाचा हट्ट सुटला नाही.

हट्ट किती, ते पाहायला १५ जानेवारी १९६७ हा दिवस पुरेसा आहे. पुढे सुपर बोल म्हणून ओळखला गेलेला पहिला सामना लॉस एंजेलिसच्या कोलिझियममध्ये झाला. सीबीएस आणि एनबीसी या दोन्ही वाहिन्यांनी तो देशभर दाखवला, लॉस एंजेलिस सोडून. ६१,९४६ लोक आले आणि तरीही त्या अवाढव्य मैदानातल्या सुमारे एक तृतीयांश खुर्च्या रिकाम्या राहिल्या. अंधार पाडला म्हणून मैदान भरलं नाही.

आता पुन्हा १९७२ च्या डिसेंबरात येऊ. पिट्सबर्गची तगमग चालू असतानाच वॉशिंग्टनचा संघही बाद फेरीत होता, आणि त्याचा सर्वांत मोठा चाहता व्हाइट हाउसमध्ये राहत होता. संघाची तिकिटं वर्षानुवर्षं आधीच खपलेली असत. मग वाचवायचं ते काय, हा राष्ट्राध्यक्ष निक्सन यांचा प्रश्न बिनतोड होता. त्यांनी अ‍ॅटर्नी जनरल रिचर्ड क्लाइनडीन्स्ट यांच्यामार्फत रोझेल यांना निरोप धाडला: बाद फेरीपुरती बंदी उठवा, बदल्यात यापुढे ब्लॅकआउटविरोधी कायदा आला तर त्याला आमचा विरोध राहील. रोझेल यांनी चक्क नकार दिला. राष्ट्राध्यक्षाला नाही म्हणण्याचा हा बाणेदारपणा नडला. सिनेटर जॉन पास्टोर यांनी विषय लावून धरला. हवेतल्या लहरी जनतेच्या मालकीच्या आहेत आणि मैदानं बऱ्याच ठिकाणी करदात्यांच्या पैशातून उभी आहेत, तर खपलेला सामना जनतेपासून लपवायचा कशाला? १४ सप्टेंबर १९७३ रोजी, हंगाम सुरू व्हायला दोन दिवस असताना, निक्सन यांनी सही केली. सामन्याच्या ७२ तास आधी सर्व तिकिटं संपली असतील, तर तो घरच्या गावातही दिसेल.

लहरी कोणाच्या, हा प्रश्न आपल्याकडेही कोर्टात गेला. क्रिकेटच्या प्रक्षेपणावरून झालेल्या वादात सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी १९९५ मध्ये लहरी ही सार्वजनिक मालमत्ता असल्याचं सांगितलं, आणि २००७ च्या कायद्याने महत्त्वाच्या सामन्यांचं प्रक्षेपण प्रसार भारतीला देणं बंधनकारक केलं. म्हणून खासगी वाहिनीने हक्क घेतला तरी भारताचा सामना दूरदर्शनवर दिसतो. अमेरिकेने असा कायदा कधीच केला नाही. तिथे सरकारने फक्त अंधाराच्या कडा कुरतडल्या.

१९७३ च्या कायद्याची मुदत १९७५ अखेर संपली, पण लीगने ७२ तासांचा नियम आपणहून चालू ठेवला. न ठेवता तर आणखी कडक कायदा डोक्यावर बसला असता. थंडीत तिकीट काढूनही घरीच बसणारे वाढले, अशी कुरकुर संघ करत राहिले. मैदानं काही ओस पडली नाहीत. दुसरीकडे सरकारच्या दळणवळण आयोगाने, एफसीसीने, १९७५ मध्ये केबलवाल्यांसाठी नियम केला: गावातल्या वाहिनीवर बंद असलेला सामना केबलनेही आणायचा नाही. मागच्या दाराला सरकारी कुलूप लागलं.

मग ७२ तासांचं नाट्य वर्षानुवर्षं रंगलं. गुरुवारी दुपारी काही हजार तिकिटं उरलेली असत. लीगकडून एक दिवसाची मुदतवाढ मागायची. मग गावातली एखादी वाहिनी किंवा किराणा दुकानांची साखळी पुढे होऊन उरलेली तिकिटं एकगठ्ठा घेई, आणि सगळं गाव हुश्श करी. दुकानदाराला जाहिरात, संघाला पैसे, चाहत्याला सामना. तिकिटांवर बहुतेक वेळा शाळेतली पोरं किंवा सैनिक जाऊन बसत.

कुलूप शेवटी सरकारनेच काढलं. १९७५ च्या आसपास सुमारे ६० टक्के सामने अंधारात जात होते, तर २०१३ च्या हंगामात फक्त दोन गेले, हे आकडे एफसीसीने पुढे ठेवले. संघांची मुख्य कमाई तिकिटांची राहिली नव्हती, ती दूरचित्रवाणीची झाली होती. ३० सप्टेंबर २०१४ रोजी पाचही आयुक्तांनी एकमताने नियम रद्द केला. केनेडींच्या सहीला त्या दिवशी बरोबर ५३ वर्षं झाली होती. २०१५ च्या हंगामापासून लीगने आपलं धोरणही गुंडाळून ठेवलं. मैदानं रिकामी पडली नाहीत.

गोष्ट इथे संपायला हवी होती. पण अमेरिकेत आज ‘ब्लॅकआउट’ म्हटलं की लोक फुटबॉलवर नाही, बेसबॉलवर चिडतात, आणि त्या अंधाराचं कारण अगदी वेगळं आहे.

बेसबॉलमध्ये प्रत्येक संघाला एक मुलूख वाटून दिला आहे. त्या मुलखातल्या प्रक्षेपणाचा हक्क त्या संघाचा, आणि संघ तो तिथल्या प्रादेशिक क्रीडावाहिनीला विकतो. वाहिनी केबल कंपनीकडून दर घरामागे महिन्याला ठरावीक पैसे घेते, मग त्या घरात बेसबॉल पाहिला जावो वा न जावो. आजीबाई फक्त स्वयंपाकाचे कार्यक्रम पाहत असतील तरी त्यांच्या बिलात संघाचा वाटा असतोच. हा सौदा टिकायचा तर सामना दुसरीकडे कुठेही मिळता कामा नये. म्हणून २००२ मध्ये लीगने इंटरनेटवर ‘एमएलबी डॉट टीव्ही’ ही सेवा काढली, तरी तीत घरच्या मुलखातले सामने बंद ठेवले. पूर्वी भिंत तिकीटखिडकीच्या राखणीला होती. आता भिंत हाच विकायचा माल झाला.

या मुलूखवाटपाची थट्टा पाहायची तर आयोवा राज्यात जावं. तिथे सर्वोच्च लीगचा एकही संघ नाही. तरीही शिकागोचे दोन, सेंट लुइस, कॅन्सस सिटी, मिनेसोटा आणि मिलवॉकी अशा सहा संघांनी आयोवावर हक्क सांगितला आहे. राजधानी देस मॉइनपासून कॅन्सस सिटी सुमारे ३०० किलोमीटर आणि मिलवॉकी त्याच्या दुप्पट. तिथला माणूस संध्याकाळी उठून मैदानावर जाईल ही कल्पनाच हास्यास्पद. पण इंटरनेटचे पैसे भरून बसला तर सहाही संघ त्याला बंद. ऑगस्ट २०२१ मध्ये याच आयोवातल्या डायर्सव्हिलला मक्याच्या शेतात मैदान उभारून शिकागोचा व्हाइट सॉक्स आणि यांकीज यांचा सामना झाला. तो राष्ट्रीय वाहिनीवर होता म्हणून आयोवाने पाहिला. दुसऱ्या दिवसापासून व्हाइट सॉक्स पुन्हा भिंतीपलीकडे.

लॉस एंजेलिसची कथा याहून कडू. जानेवारी २०१३ मध्ये, ब्रुकलिनहून कधीच इथे आलेल्या डॉजर्सने टाइम वॉर्नर केबलशी २५ वर्षांसाठी ८३५ कोटी डॉलरचा करार केला. नवी वाहिनी २०१४ मध्ये निघाली. तिच्यासाठी घरटी मागितलेला दर इतर केबलवाल्यांना आणि छत्रीवाल्यांना भारी वाटला आणि त्यांनी ती घेतलीच नाही. शहरातल्या सुमारे ७० टक्के घरांत डॉजर्स दिसेनासे झाले. इंटरनेटवर जावं तर तिथे घरचा मुलूख म्हणून बंदी. ब्रुकलिनमध्ये १९५० साली रेड बार्बरच्या हाताखाली सुरुवात केलेले विन स्कली ६७ हंगाम डॉजर्सचं समालोचन करून २०१६ मध्ये निवृत्त झाले. त्यांची शेवटची तीन वर्षं त्यांच्याच गावातल्या बहुसंख्य घरांत दिसली नाहीत. अखेरचे सहा सामने तेवढे एका खुल्या वाहिनीवर दाखवले. भांडण मिटलं एप्रिल २०२० मध्ये, करोनामुळे खेळच बंद असताना.

भिंत शेवटी तिच्या मालकांवरच कोसळली. लोक केबल सोडू लागले तशी बेसबॉल न पाहणाऱ्या घरांची वर्गणीही आटली. सर्वाधिक प्रादेशिक वाहिन्या हाताशी असलेल्या डायमंड स्पोर्ट्स कंपनीने मार्च २०२३ मध्ये दिवाळखोरीचा अर्ज केला आणि मे अखेरीस सॅन डिएगो पाद्रेसचा हप्ता चुकवला. दुसऱ्याच दिवशी लीगने प्रक्षेपण हाती घेतलं आणि त्या मुलखातला अंधार उठवला. महिना २० डॉलरला, केबलशिवाय, घरचा सामना घरात. सामने पोचणाऱ्या घरांची संख्या तिपटीच्या जवळ गेली. आणि तिकीटखिडकी? पाद्रेसचा संघ त्या वर्षी बाद फेरीतही गेला नाही, तरी घरच्या सामन्यांना ३२ लाख ७१ हजारांवर प्रेक्षक आले. तो त्यांच्या इतिहासातला तोवरचा उच्चांक ठरला. एका शहराच्या एका हंगामावरून सिद्धान्त मांडू नये, हे खरं. पण १९५० च्या रॅम्सवरून नेमका तोच मांडला गेला होता.

पुढे आणखी संघ त्याच वाटेने गेले. सगळे गेलेले नाहीत. राष्ट्रीय हक्कांचे करार २०२८ ला संपतात, तेव्हा सगळ्या संघांचे हक्क एकत्र विकून मुलुखाच्या भिंती काढायच्या, असा आयुक्त रॉब मॅनफ्रेड यांचा मानस आहे. रोझेल यांनी १९६१ मध्ये जे केलं तेच, सदुसष्ट वर्षांनी.

अमेरिकेत असलेल्या मराठी घरांतली काही मुलं आता क्रिकेटइतक्याच तन्मयतेने बेसबॉल पाहतात. त्यांच्या आईवडिलांना एवढंच सांगायचं: वर्षाची वर्गणी भरण्याआधी लीगच्या संकेतस्थळावर आपला झिपकोड टाका. कोणते संघ तुमच्या घराला बंद आहेत ते तिथे लगेच कळतं. संघ त्या यादीत असेल, तर त्याची स्वतःची मुलखातली सेवा निघाली आहे का ते पाहा. दुसऱ्या गावाचा पत्ता दाखवून आत शिरायच्या युक्त्या आहेत, पण त्या सेवेच्या अटी मोडतात आणि खातं बंद होऊ शकतं. सामना संपून साधारण दीड तास झाला की त्याचं चित्रण एरवी बंद असलेल्या घरांतही उघडतं. आणि रेडिओवरचं समालोचन कुठल्याच मुलखात बंद नसतं.